'सटायरिकल स्केच'ला मराठीत काय म्हणावे?

प्रश्न : 'दॅट वॉज द वीक दॅट वॉज' या बीबीसी दूरचित्रवाणीच्या जुन्या कार्यक्रमावर लिहिताना 'सटायरिकल स्केच'साठी (म्हणजे टीका करणाऱ्या छोट्या विनोदी प्रवेशासाठी) 'व्यंगात्मक नाटिका' चालेल का?

उत्तर : 'व्यंगात्मक' टाळावा. हिंदीतील 'व्यंग्य' वेगळा. मराठीत 'व्यंग' म्हणजे उणीव किंवा शारीरिक दोष. 'व्यंगचित्र' रुळले आहे हे खरे, पण त्याच्या आधाराने सगळे गोत आणण्याचे कारण नाही.

'विडंबन' अर्धेच काम करतो. नोव्हेंबर १९६२ पासून शनिवारी रात्री उशिरा होणाऱ्या या कार्यक्रमात विनोदी नट विली रश्टन ब्रिटिश पंतप्रधान हॅरॉल्ड मॅकमिलन यांची नक्कल करीत, ते विडंबनच होते. परंतु १९६६ च्या 'द फ्रॉस्ट रिपोर्ट' या बीबीसीच्याच दुसऱ्या कार्यक्रमातील सामाजिक वर्गांवरचा प्रवेश पाहावा. जॉन क्लीज, रॉनी बार्कर आणि रॉनी कॉर्बेट उंचीच्या उतरत्या क्रमाने उच्च, मध्यम आणि कनिष्ठ वर्ग म्हणून उभे राहतात. नक्कल कोणाचीच नाही, मात्र प्रत्येक जण आपली पायरी इतक्या निमूटपणे मान्य करतो की त्या मान्यतेतूनच व्यवस्थेचे वाभाडे निघतात. वरकरणी होकार आणि आतून प्रहार, यालाच आपण उपरोध म्हणतो. म्हणून 'उपरोधिक' हे विशेषण मला योग्य वाटते.

पुरवणी (दुसऱ्या उत्तरकर्त्याकडून) : विशेषणाशी सहमत, नाम मात्र 'प्रहसन' असावे. संस्कृत नाट्यशास्त्रातील या नाट्यप्रकारात ढोंगाची टर उडवणे अभिप्रेतच होते; सातव्या शतकातील पल्लव राजा महेंद्रवर्मन याच्या 'मत्तविलास' प्रहसनात कापालिक (कवटी बाळगणारा शैव साधू) आणि बौद्ध भिक्षू दोघेही या टरीच्या तावडीत सापडले आहेत. त्या अर्थाने 'उपरोधिक प्रहसन' ही द्विरुक्ती ठरेल, परंतु आज प्रहसन म्हणजे केवळ हसवणारा छोटा प्रवेश असा अर्थ उरल्यामुळे विशेषण लागतेच. 'विनोदी प्रहसन' मात्र येथे अपुरे पडेल, कारण १९६४ हे निवडणुकीचे वर्ष असल्याचे सांगून बीबीसीने 'दॅट वॉज द वीक दॅट वॉज' हा कार्यक्रम १९६३ च्या अखेरीस थांबवला, आणि निव्वळ विनोदाची एवढी धास्ती कोणी घेत नाही.

एक पथ्य पाळावे : हे नाव प्रवेशांना द्यावे, संपूर्ण कार्यक्रमाला नव्हे. त्यात मिलिसेंट मार्टिन यांची प्रासंगिक गाणी असत, पत्रकार बर्नार्ड लेव्हिन यांनी पाहुण्यांच्या घेतलेल्या झडत्या असत, आणि केनेडींच्या हत्येच्या दुसऱ्या दिवशीच्या भागात तर उपरोध पूर्णपणे बाजूला ठेवून श्रद्धांजली वाहिली गेली होती.