मशरूम भात गिच्च होतोय, लवकर सांगा

अधीर: जेवणात जोडीला साधा मशरूम भात करायचाय. प्रत्येक वेळी भात गिच्च आणि मशरूम फिकट, लिबलिबीत. संध्याकाळी पाहुणे आहेत. काय करू?

भातखाऊ: कुकर की पातेलं? पाणी किती? तांदूळ कोणता?

अधीर: नेहमीचाच तांदूळ, नेहमीइतकंच पाणी.

भातखाऊ: तुमचं नेहमीचं आम्हाला कसं कळणार हो?

सुगरण: आधी मशरूम परतून घ्या. रुंद कढई, मोठी आच, गर्दी नको. मीठ अजिबात नको. सुटलेलं पाणी आटून कडा तांबूस झाल्या की मग मीठ, मिरपूड, लसूण.

तर्कट: मिठाचा बाऊ कशाला? आधी घातलं तर पाणी उलट लवकर सुटतं. मशरूममध्ये ९० टक्क्यांच्या वर पाणीच असतं. कच्चे टाकले तर ते सगळं भातात उतरणार.

सुगरण: आधी मीठ घातलं की ते आपल्याच पाण्यात उकडतात. करून बघा, मग बोला.

तर्कट: करूनच बोलतोय.

पुसणारा: मशरूम धुता का? धुवायचे नसतात, ओल्या फडक्याने पुसायचे.

तर्कट: नळाखाली पटकन धुतले तर काही बिघडत नाही. भिजत मात्र ठेवू नका.

अधीर: धुण्याचं कोणी विचारलंय! कुकर, २ शिट्ट्या. वाटीभर तांदळाला अडीच वाट्या पाणी. मशरूम कच्चेच. तांदूळ अर्धा तास भिजवलेला.

भातखाऊ: हे आधी सांगायचं ना! भिजवलेल्या तांदळाला कुकरमध्ये दीड वाटी पुरे. वाफ आपोआप जिरू द्या, लगेच ढवळू नका.

वाळवण: ताजे सोडाच. वाळवलेले कोमट पाण्यात भिजवा, तेच पाणी गाळून भाताला घाला. चव बघा!

अधीर: वाळवलेले नाहीत माझ्याकडे.

उन्हाळी: अवांतर: मशरूम कापून उन्हात ठेवले की त्यांत ड जीवनसत्त्व तयार होतं.

अधीर: परतलेले मशरूम तांदळाबरोबर टाकू की भात झाल्यावर?

सुगरण: झाल्यावर. मोकळा राहतो.

तर्कट: तांदळाबरोबर. नाहीतर भात फिका आणि मशरूम वेगळे.

भातखाऊ: अर्धे आत, अर्धे वरून. भांडण मिटलं.

अधीर: परतायला घेतलेत. कढईत पाणीच पाणी झालंय, ओतून देऊ?

सुगरण: अहो नको! आच वाढवा, आटू द्या.

तर्कट: घाई असेल तर वाटीत काढा आणि भाताच्या दीड वाटीत तेच मोजून धरा.