टीव्हीएफ आणि व्होकल रेझोनन्स: हाताला तिघांना तीन वेगळी उत्तरं का येतात?

अंतिम_वर्ष

टॅक्टाइल व्होकल फ्रेमिटस (टीव्हीएफ: रुग्ण बोलताना छातीवर हाताला लागणारं कंपन) आणि व्होकल रेझोनन्स (व्हीआर: तेच स्टेथोस्कोपमधून ऐकणं), दोन्हींच्या व्याख्या पाठ आहेत. कन्सॉलिडेशनमध्ये (न्यूमोनियासारखं घट्ट झालेलं फुप्फुस) वाढतात, इफ्यूजनमध्ये (फुप्फुसाभोवती साठलेलं पाणी) कमी होतात, हेही पाठ आहे. पण एकाच रुग्णाच्या छातीवर तिघांनी हात ठेवला की एक म्हणतो वाढलंय, दुसरा म्हणतो कमी, तिसरा म्हणतो दोन्हीकडे सारखंच. हात कुठला, कसा ठेवायचा? रुग्णाला "एक, दोन, तीन" म्हणायला लावायचं की "नव्याण्णव"? आणि पुस्तकात इगोफनीला (स्टेथोस्कोपमधून रुग्णाचा स्वर बदलून ऐकू येणं) "ई टू ए" लिहिलंय, तर कानाला नेमकं काय ऐकू यायला हवं? "आ" ऐकण्याचा प्रयत्न करतोय, एकदाही जमलेलं नाही.

छातीचा_डॉक्टर

शेवटच्यापासून सुरू करतो. "आ" कधीच ऐकू येणार नाही. पुस्तकातला "ए" हा इंग्रजी अक्षराचा उच्चार आहे, म्हणजे मराठीतला ए. रुग्ण "ईऽऽ" म्हणतो आणि स्टेथोस्कोपमधून "एऽऽ" येतो, तोही नाकातून काढल्यासारखा, थरथरता. शेळी ओरडल्यासारखा. स्टेथोस्कोप शोधणाऱ्या लाएनेकने 1819 च्या ग्रंथात हे नावच शेळीच्या ग्रीक शब्दावरून दिलं. मराठी कानाला खरं तर हे सोपं जायला हवं, ई आणि ए आपल्याकडे स्वच्छ वेगळे स्वर आहेत.

आता हात. एकच हात वापरा, दोन्ही बाजूंना तोच. दोन्ही तळवे एकदम ठेवून तुलना करू नका, कारण दोन हातांची संवेदना आणि दाब सारखा नसतो. बोटं जिथे तळव्याला जुळतात तो हाडाचा भाग, किंवा करंगळीकडची कड, यांपैकी एक निवडा आणि शेवटपर्यंत तेच ठेवा. कड बरगड्यांच्या मधल्या जागेत नीट बसते, म्हणून पाण्याची वरची पातळी शोधायला ती बरी. बोटांची टोकं नकोत. हात गार असेल तर आधी चोळून गरम करा. गार हाताला कंपनं कमी कळतात, आणि रुग्ण दचकतो ते वेगळंच.

पाठ तपासताना रुग्णाला हाताची घडी घालून दोन्ही पंजे विरुद्ध खांद्यांवर ठेवायला सांगा. खांद्याची पाती बाजूला सरकतात. पात्यावर हात ठेवून टीव्हीएफ बघणं म्हणजे भिंतीला कान लावण्यासारखं.

क्रम: उजवं-डावं, उजवं-डावं, एकेक जागा. वरून खाली एक बाजू पूर्ण करून मग दुसरी घेतलीत, तर मधल्या वेळात पहिल्या जागेचं कंपन विसरलेलं असतं. तिघांची तीन उत्तरं बहुतेक इथूनच येतात.

कंपनसंख्या

शब्दाबद्दल. "एक, दोन, तीन" मध्ये एक छुपी अडचण आहे. तीन शब्दांत तीन वेगळे स्वर आहेत: ए, ओ, ई. उजवीकडे "दोन"ला हात आणि डावीकडे "तीन"ला हात, असं झालं की तुम्ही छातीच्या दोन बाजूंची नाही, दोन स्वरांची तुलना करता. म्हणून एकच शब्द पुन्हा पुन्हा: "एक-एक-एक" किंवा "नव्याण्णव-नव्याण्णव". शब्द कोणता याला फार महत्त्व नाही, तो बदलू नये याला आहे. इंग्रजीतलं "नाइंटी-नाइन" तरी कुठे काळजीपूर्वक निवडलेलं आहे? जर्मन "नॉयनउंडनॉयनत्सिश"मधला "ऑय" छातीत चांगला घुमतो, इंग्रजीत फक्त आकडा भाषांतरित होऊन आला.

निरोगी फुप्फुस म्हणजे हवा आणि ऊतींचा फेस. त्यातून आवाजाचा वेग सेकंदाला शंभर मीटरच्याही आत येतो. हवेत तो सुमारे 340 असतो, पाण्यात सुमारे 1500. हा फेस बारीक, उंच कंपनं गिळतो आणि खर्जातली पुढे पाठवतो. पुरुषाच्या आवाजाची मूळ कंपनसंख्या सुमारे 100 ते 130 हर्ट्झ, बाईच्या आवाजाची 200 च्या आसपास. म्हणून बायकांमध्ये आणि लहान मुलांमध्ये टीव्हीएफ मुळातच बारीक लागतं. तो आजार नाही. रुग्णाला जमेल तितक्या खालच्या पट्टीत बोलायला सांगा. मोठ्याने बोलून भागत नाही, आवाज खाली आला पाहिजे.

न्यूमोनियात वायुकोशांत द्रव भरतो, फेस जाऊन घट्ट गोळा होतो आणि वरची कंपनंही पार होतात. ईचा ए होतो तो यामुळेच: स्वरातलं वरचं-खालचं मिश्रण बदलतं. इफ्यूजनमध्ये पाणी वाईट वाहक म्हणून आवाज अडत नाही. फुप्फुस आणि पाणी यांच्या सीमेवरून तो परत फिरतो, हे कारण आहे. न्यूमोथोरॅक्समध्ये (फुप्फुसाभोवती हवा साठते तेव्हा) हवेच्या सीमेवर तेच होतं.

जुना_रजिस्ट्रार

वरचं सगळं बरोबर, पण माझं मत सांगतो: वेळ कमी असेल तर टीव्हीएफ सोडा, व्हीआर नीट करा. दोन्हींतून माहिती एकच मिळते आणि कान हातापेक्षा बारीक ऐकतो.

कुजबुज म्हणजे व्हिस्पर्ड पेक्टोरिलोक्वी मात्र सोडू नका. इथे सर्रास होणारी चूक: रुग्णाला "हळू बोला" म्हटलं की तो खालच्या आवाजात बोलतो. ती कुजबुज नव्हे, स्वरयंत्र चालूच असतं. "कानात गुपित सांगितल्यासारखं बोला" म्हणा आणि खात्रीसाठी रुग्णाचंच बोट त्याच्या कंठावर ठेवायला लावा. थरथर लागली तर पुन्हा सांगा. दुसरी चूक आपली. शब्द आधीच माहीत असला की कान तो "ऐकतोच". म्हणून रुग्णाला मनातला कुठलाही दोन आकडी अंक कुजबुजायला सांगा. स्टेथोस्कोपमधून तो आकडा ओळखता आला तर पेक्टोरिलोक्वी आहे. नुसतीच फुसफुस आली तर नाही.

छातीचा_डॉक्टर

टीव्हीएफ सोडा, हे मला पटत नाही. जनरल वॉर्डात पंखे, नातेवाईक आणि शेजारच्या खाटेवरचा खोकला असताना कानाला काहीच लागत नाही, हात तरी काम करतो. शिवाय 2009 साली जामा या वैद्यकीय नियतकालिकात आलेल्या आढाव्यात इफ्यूजन आहे म्हणायला ठोकल्यावरचा मंदपणा सर्वांत उपयोगी ठरला, एलआर (लाइकलिहुड रेशो: एकाच्या जितका वर तितकी शक्यता जास्त, जितका खाली तितकी कमी) 8.7. आणि इफ्यूजन नाही म्हणायला टीव्हीएफ कमी नसणं, एलआर 0.21. म्हणजे खाली पाठीवर कंपन दोन्हीकडे छान सारखं लागतंय, तर बऱ्यापैकी पाणी असण्याची शक्यता खूप घटते. थोडं पाणी मात्र निसटतं. 300 मिलीच्या खाली हाताकडून अपेक्षा ठेवू नका.

वॉर्ड_फिजिओ

जिथे निरोगी माणसातही दोन्ही बाजू सारख्या नसतात, त्या जागा आधी लक्षात ठेवा. उजव्या शिखरावर श्वासनलिका जवळ असल्याने कंपन थोडं जास्तच असतं. पुढून उजवीकडे पाचव्या बरगडीच्या आसपास यकृत सुरू होतं, डावीकडे हृदय येतं. इथे "कमी झालं" लिहून घोटाळा होतो. खालच्या भागासाठी पाठ आणि काख घ्या. स्तनावर हात ठेवून काही कळतही नाही. स्त्री रुग्ण असेल तर सोबत बाई हवी, आणि कपड्यावरून तपासणी नको. घोगरा बसलेला आवाज किंवा ट्रॅकिओस्टॉमी (श्वासासाठी गळ्याला केलेलं छिद्र) असेल तर या चाचण्यांचा अर्थच लावू नका.

हाताला "घर्र" लागलं तर आधी खोकायला सांगा. खोकल्यानंतर गेलं तर तो कफ होता.

अंतिम_वर्ष

आभार. एक राहिलं. ठोकल्यावर खाली मंद, टीव्हीएफ कमी, पण त्याच बाजूला वरच्या काठावर शेळीचा आवाज. हे कन्सॉलिडेशन धरायचं की इफ्यूजन?

छातीचा_डॉक्टर

बहुतेक इफ्यूजन. पाण्याच्या वर दबलेलं फुप्फुस घट्ट होतं, पण ब्राँकस (फुप्फुसात जाणारी श्वासनळीची फांदी) उघडा असतो, म्हणून पाण्याच्या वरच्या कडेला बोट-दोन बोटांची पट्टी इगोफनीची असते. लाएनेकनेही ती मध्यम पाण्याशीच जोडली होती. एकेक इंटरकॉस्टल स्पेस (दोन बरगड्यांमधली जागा) खाली येत जा: वर नेहमीचा आवाज, मग शेळी, मग शांतता. त्या जागी पेनाने खूण करा. काखेत ही रेषा सर्वांत वर चढते. डावीकडचं पाणी असेल तर ट्रॉबे स्पेसमधला (डावीकडे खालच्या बरगड्यांवर, जठरावरची जागा) ढोलासारखा आवाज गेलाय का, तेही बघा.

फसवणारी केस वेगळीच. ब्राँकस गाठीने किंवा कफाच्या गुठळीने बंद असेल, तर घट्ट फुप्फुसावरही टीव्हीएफ कमी येतं, कारण आवाज तिथवर पोचतच नाही. अगदी पाण्यासारखं चित्र. तेव्हा ट्रॅकिआ (श्वासनलिका) बघा. मोठं इफ्यूजन तिला पलीकडे ढकलतं, कोलॅप्स (हवा जाऊन आक्रसलेलं फुप्फुस) आपल्याकडे ओढतो. पूर्ण बाजू मंद आणि ट्रॅकिआ मध्येच किंवा त्याच बाजूला, असं दिसलं तर "पाणी" लिहून थांबू नका. आणि पेनाची खूण सुई घालण्यासाठी नाही. टॅपिंगची (सुईने पाणी काढण्याची) जागा सोनोग्राफीने ठरवायची, ती रुग्ण ज्या स्थितीत बसून टॅप होणार त्याच स्थितीत.