आचार्य अत्र्यांचे चित्रपट : वाचनालयात कोणते दाखवावेत?

दाभोळखाडी : नमस्कार मंडळी. दापोली तालुक्यातल्या आमच्या वाचनालयात मे महिन्यात, चाकरमानी गावी आले की, दोन संध्याकाळी अत्र्यांचे चित्रपट दाखवायचं घाटतंय. नव्या मुलांना अत्रे म्हणजे संयुक्त महाराष्ट्राच्या सभा आणि ‘मराठा’तले अग्रलेख, एवढंच ठाऊक आहे. ‘श्यामची आई’ (1953चा, नवा नव्हे) घेणारच. साने गुरुजींचं पालगड आमच्याच तालुक्यातलं. जोडीला दुसरा कोणता घ्यावा?

सुरंगी : ‘ब्रह्मचारी’ (1938), आणि तो पहिल्या संध्याकाळी! कथा-संवाद अत्र्यांचे, दिग्दर्शन मास्टर विनायकांचं. विनायकांचा औदुंबर एक भाषण ऐकून ब्रह्मचर्याच्या नादी लागतो, जमवलेली नट्यांची चित्रं फेकून देतो, व्यायामाचं सामान आणतो. मग मीनाक्षी शिरोडकर पोहण्याच्या पोशाखात ‘यमुनाजळी खेळू खेळ’ म्हणत येतात आणि व्रताचे बारा वाजतात. गाणंही अत्र्यांचंच. आजही माणसं खळखळून हसतात.

दुसऱ्या दिवशी ‘श्यामची आई’ लावा. पंधरा वर्षांनी हाच लेखक स्वतः निर्माता-दिग्दर्शक झालेला, आणि देशातलं पहिलं राष्ट्रपती सुवर्णपदक याच चित्रपटाला. लोक रुमाल घेऊनच बसतील, पण शाळेतलं ‘छडी लागे छमछम’ आलं की मुलांना सांगा, हे त्याच हाताचं. ‘झेंडूची फुले’वाला विनोदी अत्रे तिथे लख्ख दिसतो. नंतर ‘भरजरी गं पितांबर’ येतं, तेही त्यांचंच. एका माणसाची एवढी रेंज दोन दिवसांत दाखवायला याहून चांगली जोडी नाही.

गुहागरचे_आप्पा : सुरंगीताई, जोडी उत्तमच, पण ‘महात्मा फुले’ वगळून अत्रे अपुरे राहतात. लेखन, निर्मिती, दिग्दर्शन सगळं त्यांचं, बाबूराव पेंढारकरांचे जोतिबा, आणि राष्ट्रपतींचं रौप्यपदक. ‘श्यामची आई’नंतर आणखी एखादं घरगुती कथानक काढून गल्ला भरता आला असता. त्यांनी फुले निवडले. मला त्यांच्या निर्मितीत हे सगळ्यात मोठं वाटतं. दाभोळखाडी, तिसरी संध्याकाळ काढाच.

दाभोळखाडी : आप्पा, पटलं. समितीपुढे तिसरा दिवस मांडतो. प्रिंटचं काय करावं?

सुरंगी : पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाकडे आधी चौकशी करा आणि हक्क कोणाकडे आहेत ते विचारून लेखी परवानगी घ्या. जुन्या चित्रपटांचा आवाज हमखास दगा देतो आणि ‘ब्रह्मचारी’ची सगळी गंमत संवादांत आहे. म्हणून स्पीकर त्याच अंगणात आदल्या दिवशी लावून बघा, समुद्राचा वारा सुटतो त्याच वेळेला. जनरेटर मागच्या पडवीत ठेवा, नाहीतर त्याचीच घरघर ऐकावी लागेल.

गुहागरचे_आप्पा : आणि तारखा इथेच टाका. आम्ही धोपाव्याहून फेरीबोटीने येतो.