डॉक्युमेंटरीत मी स्वतः यावं का? अकरा सेकंदांवर अडलोय

नहरकाठ: मूळचा सेलूचा, सध्या संभाजीनगरात. इथं शिकायला आलेल्या आफ्रिकन पोरांवर डॉक्युमेंटरी करतोय. मुख्य पात्र माझा सुदानी मित्र. रस्त्यानं निघाला की मागून "ए हबशी" येतंच. १६१० मध्ये खडकी, म्हणजे हेच शहर, वसवणारा मलिक अंबर हबशीच, म्हणजे आफ्रिकेतून आलेला होता. त्याच्या नहरीचं पाणी प्यालेलं शहर हे, अन् शिवी कोणती, तर हबशी! ते फिल्ममध्ये आहेच.

अडलंय दुसरीकडं. दोघं खोली बघायला गेलो. मालकांना विचारून कॅमेरा चालू ठेवलेला. त्यांनी मित्राला वरून खाली न्याहाळलं. "बाहेरच्यांना देत नसतो." मग आवाज मऊ करून मला, "तुम्हाला पाहिजे असंल तर बघू. आडनाव काय?" सांगितलं. ते हातातलं कुलूप नुसतं फिरवत राहिले. अकरा सेकंद, मोजलेत मी. "घरात विचारून कळवतो." जिना उतरताना मित्र म्हणाला, तू तर इथलाच ना?

ठेवलं तर फिल्म माझ्यावर घसरते, काढलं तर मीच खोटा पडतो. काय करू?

फोटोवाला_अंबाजोगाई: वीस वर्षं लग्नं शूट करायलोय. प्रत्येक बाप कानाशी येऊन म्हणतो, "पोरगी जरा उजळ दिसू द्या बरं का." एकीला एडिटमध्ये इतकी उजळवली की अंगावरची हळदच गेली. बाप खूश! तर बाबा, पांढऱ्या भिंतीपुढं मित्राला ऑटो मोडवर शूट करू नको. कॅमेरा भिंतीचं ऐकतो अन् चेहरा अंधारात घालतो. एक्स्पोजर चेहऱ्यावर मोज. यंत्राची खोड जुनीच आहे, कोडॅक लॅबवाल्यांना रंग जुळवायला जे शर्ली कार्ड द्यायचं, त्यावर गोरी बाईच असायची. अन् मालकाचा चेहरा नको. कुलूप दाखव.

सरळबोल: घर त्यांचं, मर्जी त्यांची. जिथं तिथं जात कशाला काढायची?

नहरकाठ: मी नाही काढली, दादा. त्यांनी विचारली.

जुना_मिलिंदकर: लेकरा, ते ठेव. १९७८ साली विधिमंडळानं मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव द्यायचा, नामांतराचा ठराव केला, त्या वर्षी मी गावाकडून इथं आलो. आडनाव गाळून, वडिलांचंच नाव पुढं लावून खोली घेतली. बाबासाहेबांचा फोटो ट्रंकेत, कपड्यांखाली. मालकीण चहा घेऊन आली की मी आधी ट्रंक बंद आहे का ते बघायचो. नामविस्तार व्हायला १४ जानेवारी १९९४ उजाडला, तोवर माझी लेकरं शाळेत होती.

एक मात्र सांभाळ. निवेदनात 'जात म्हणजेच वंशभेद' असं ठोकून देऊ नको. जातीची विभागणी ही वंशाची विभागणी नव्हे, हे बाबासाहेबांनी १९३६ सालीच मांडलंय. आणि त्यांनीच १९४६ साली अमेरिकेतले कृष्णवर्णीय विचारवंत डू बॉईस यांना पत्र लिहून, तिथल्या कृष्णवर्णीयांनी युनोकडं केलेल्या अर्जाच्या प्रती मागितल्या. फरक ठाऊक असूनही मागितल्या. तुझ्या जिन्यावर दोन्ही गोष्टी एकदम घडल्यात. तू वरून काही बोलू नको.

नहरकाठ: सर, निवेदन काढतो. कुलपाचा क्लोजअप नाहीये, पण वाइडमध्ये हात आलेत, तेवढेच क्रॉप करून बघतो. मित्राचा प्रश्न मात्र ठेवणार.

तो सध्या माझ्या हॉस्टेलच्या खोलीत गादी टाकून झोपतोय, रेक्टरला कळायच्या आत काहीतरी बघावं लागेल. विद्यापीठाच्या जवळपास कुणाची खोली असेल तर सांगा. दोघांसाठी.