मदत हवी आहे: गोल्डफिशला अँटिबायोटिक कसं द्यायचं?

मंडळी, माझ्या गोल्डफिशची शेपटी कडेने पांढरी पडून झडत चालली आहे, मुळाशी लाल रेषा दिसतात. फिन रॉटच (जिवाणूंमुळे पर-शेपटी कुजण्याचा रोग) असावा. क्रॉफर्ड मार्केटमधल्या एका दुकानदाराने टेट्रासायक्लिनची कॅप्सूल फोडून टाकीत टाकायला सांगितली. किती, तर अंदाजाने! माझं मन धजत नाही. फिल्टरमधले चांगले जिवाणू मेले तर अमोनिया वाढून बाकीचे मासेही जातील. म्हणून त्याला वेगळ्या टबात ठेवलंय. एअर पंप लावलाय, औषध शोषून घेईल म्हणून फिल्टरमधला कार्बन (कोळसा) काढलाय, क्लोरीन घालवलेलं पाणी रोज थोडं बदलते.

औषध पाण्यातून द्यावं की खाण्यातून? त्याने खाणं जवळजवळ सोडलंय. परळच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात मासे तपासतात का? मासे बघणारे डॉक्टर कुणाला माहीत असतील तर प्लीज लवकर कळवा.