१८८६ च्या काँग्रेस ठरावातील व्हॉलंटियर पलटणी : ही मागणी नेमकी कशासाठी होती?

तळटीप (प्रश्न)

नमस्कार. काँग्रेसच्या सुरुवातीच्या अधिवेशनांचे ठराव सध्या क्रमाने वाचतो आहे. १८८६ साली दादाभाई नौरोजींच्या अध्यक्षतेखाली कलकत्त्याला भरलेल्या अधिवेशनात राजा रामपाल सिंह यांनी एक ठराव मांडला. हिंदी (म्हणजे भारतीय) लोकांना व्हॉलंटियर म्हणून लष्करी शिक्षण घेण्याची परवानगी द्यावी, अशी विनंती त्यात सरकारला केलेली आहे. सरकारच्या फौजेत त्या वेळी हिंदी शिपाई लाखाच्या वर होते आणि मराठा पलटणीही होत्या. मग वकील, संपादक, जमीनदार अशा मंडळींना ही निराळी मागणी का करावीशी वाटली? या पलटणी कोणाच्या होत्या आणि पुढे त्यांचे काय झाले, हे जाणकारांनी कृपया सविस्तर सांगावे.

जुनी पाने

फौजेतला शिपाई हा पगारी नोकर होता. व्हॉलंटियर मात्र आपला धंदा किंवा नोकरी सांभाळून कवायत शिकणारा आणि वेळ पडल्यास बंदूक घेऊन उभा राहणारा नागरिक मानला जाई, आणि सगळा वाद या नागरिकपणाचाच होता. १८५७ च्या उठावात कलकत्ता आणि मद्रास येथील गोऱ्या रहिवाशांनी स्वतःच्या तुकड्या उभारल्या आणि त्याच वर्षी त्यांच्यासाठी कायदाही झाला. त्यानंतर निळीच्या मळेवाल्यांचे बिहार लाइट हॉर्स, चहामळेवाल्यांची आसामातली घोडदळे, मुंबई आणि नागपूर येथील रायफल पलटणी अशी मालिकाच तयार झाली. सभासदत्व व्यवहारात युरोपियन आणि युरेशियन (मिश्रवंशीय, पुढे अँग्लो-इंडियन म्हटले गेलेल्या) लोकांपुरतेच राहिले.

याच्या शेजारी १८७८ चा शस्त्रास्त्रांचा कायदा ठेवून पाहिला, म्हणजे चीड कशाची होती ते उमगते. हिंदी माणसाला घरात तलवार ठेवायची तरी परवाना लागे, आणि गोऱ्यांना व युरेशियनांना त्यातून सूट होती. मार्च १८८५ मध्ये अफगाण सरहद्दीवर पंजदेह येथे रशियन फौजांनी हल्ला केला आणि युद्ध होणार अशी हवा पसरली, तेव्हा ठिकठिकाणच्या सुशिक्षितांनी आम्हालाही व्हॉलंटियर म्हणून घ्या असे अर्ज केले. व्हाइसरॉय लॉर्ड डफरिन यांच्या सरकारने त्यांना दाद दिली नाही. १८८६ च्या ठरावामागे हा ताजा नकार आहे, आणि म्हणूनच त्याची भाषा राजनिष्ठेची असली तरी आशय समान हक्काचा आहे, असे माझे ठाम मत आहे.

बोअर युद्धात हा भेद फार स्पष्ट दिसतो. १९०० साली चहा आणि निळीच्या मळ्यांतल्या गोऱ्या व्हॉलंटियरांचे 'लम्सडेन्स हॉर्स' हे पथक कलकत्त्याहून दक्षिण आफ्रिकेला लढायला गेले. त्याच युद्धात नाताळमधल्या सुमारे ११०० हिंदी लोकांनी गांधीजींच्या पुढाकाराने शुश्रूषापथक उभे केले. त्यांतले बहुतेक गिरमिटिये, म्हणजे करारबद्ध, मजूर होते. त्यांनी कोलेन्सो आणि स्पिऑन कोप येथे जखमींना डोल्यांवर घालून मैलोन्‌मैल वाहून नेले. साम्राज्य एकच, युद्धही एकच. पण एका गटाच्या हाती रायफल आली आणि दुसऱ्याच्या खांद्यावर डोली.

लोहमार्ग

वरील उत्तराला एक महत्त्वाची पुरवणी जोडतो. मुंबई इलाख्यापुरते बोलायचे तर व्हॉलंटियरांचा मोठा भरणा रेल्वेचा होता. जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला) आणि बीबीसीआय (बॉम्बे, बडोदा अँड सेंट्रल इंडिया) या दोन्ही रेल्वे कंपन्यांच्या स्वतंत्र रायफल पलटणी होत्या. इगतपुरी, भुसावळ यांसारख्या रेल्वेच्या गावांत राहणारे ड्रायव्हर, गार्ड, फोरमन आणि स्टेशनमास्तर कामाचे तास संपवून गणवेश चढवीत, कवायत करीत आणि चांदमारीला जात. ठरलेली कवायत आणि नेमबाजी पुरी करणाऱ्या प्रत्येक सभासदामागे पलटणीला सरकारी अनुदान मिळे. दंगल किंवा उठाव झाल्यास लोहमार्ग, पूल आणि स्थानके ताब्यात ठेवणे हे त्यांचे मुख्य काम होते. संपाच्या वेळीही सरकारची भिस्त त्यांच्यावर असे.

युरोपियन आणि अँग्लो-इंडियन कर्मचाऱ्याला रेल्वेत नोकरी हवी तर पलटणीत नाव घालणे ही बहुधा अटच असे. त्यामुळे या पलटणींची स्वेच्छा मर्यादित अर्थानेच घ्यावी लागते. अँग्लो-इंडियन समाजाची यात कुचंबणाही झाली, कारण शेजारी राहणाऱ्या हिंदी सहकाऱ्यांवरच बंदूक रोखण्याची पाळी त्यांच्यावर येऊ शकत होती. हा भाग आपल्याकडच्या लेखनात फारसा येत नाही, याची मला खंत वाटते.

तळटीप

दोघांचेही मनःपूर्वक आभार. एक उपप्रश्न विचारतो. १९१७ मध्ये टिळकांनी तरुणांना भरती होण्याचे आवाहन केले, ते याच पलटणींसाठी होते का?

जुनी पाने

होय, पण तोवर चौकट बदललेली होती. १९१७ च्या कायद्याने इंडियन डिफेन्स फोर्स स्थापन झाला. जुन्या गोऱ्या पलटणी त्यात विलीन झाल्या, १६ ते ५० वयाच्या युरोपियन ब्रिटिश प्रजाजनांना सेवा सक्तीची झाली, आणि हिंदी लोकांसाठी प्रथमच एक ऐच्छिक विभाग उघडला गेला. मात्र तुकड्या वेगळ्या ठेवल्या गेल्या आणि अधिकारपदाचे आश्वासन दिले गेले नाही, त्यामुळे सुरुवातीचा प्रतिसाद थंडच राहिला. टिळकांचे म्हणणे असे होते की शस्त्रविद्या शिकण्याची संधी सोडू नये, आणि त्याच दमात बरोबरीचा दर्जाही मागावा. १० जून १९१८ रोजी मुंबईच्या टाउन हॉलमधील युद्धपरिषदेत ते स्वराज्याच्या मागणीकडे वळताच गव्हर्नर विलिंग्डन यांनी त्यांना अडवले आणि टिळक सभात्याग करून बाहेर पडले. त्यानंतर त्यांनी गांधीजींकडे ५०,००० रुपयांचा धनादेश पाठवला : हिंदी लोकांना लष्करात अधिकारपदे मिळतील असे वचन गांधीजींनी सरकारकडून मिळवावे, मग महाराष्ट्रातून ५,००० माणसे आपण देऊ, न दिल्यास ही रक्कम जप्त समजावी. गांधीजींनी धनादेश परत केला. टिळकांच्या भरतीच्या भूमिकेला नुसती राजनिष्ठा म्हणणारे हा प्रसंग नजरेआड करतात.

दक्षिणवारा

गोव्याशी संबंधित असा एक प्रसंग नोंदवतो. १९२० मध्ये डिफेन्स फोर्सची दोन शकले झाली. गोऱ्यांसाठी ऑक्झिलिअरी फोर्स आणि हिंदी लोकांसाठी टेरिटोरियल फोर्स, म्हणजे वर्णभेद नव्या कायद्यातही कायम राहिला. ऑक्झिलिअरी फोर्समधल्या कलकत्ता लाइट हॉर्सचे सभासद प्रामुख्याने व्यापारी पेढ्यांतले साहेब होते. दुसऱ्या महायुद्धात तटस्थ पोर्तुगालच्या ताब्यातील गोव्याच्या मुरगाव बंदरात एरेनफेल्स, द्राखेनफेल्स आणि ब्राउनफेल्स ही जर्मन जहाजे आश्रयाला होती. एरेनफेल्सवरील गुप्त रेडिओ प्रक्षेपक ब्रिटिश जहाजांची खबर पाणबुड्यांना देतो, असा संशय होता. तटस्थ बंदरात नियमित फौज पाठवणे अडचणीचे असल्याने लाइट हॉर्स आणि कलकत्ता स्कॉटिश या ऑक्झिलिअरी फोर्सच्याच दुसऱ्या पलटणीतले अठराएक जण निवडले गेले, त्यांतले कित्येक चाळिशी ओलांडलेले. बहुतेक जण रेल्वेने कोचीनला गेले, तेथे फीबी नावाच्या गाळ काढण्याच्या बार्जवर चढले आणि ९ मार्च १९४३ च्या पहाटे एरेनफेल्सला भिडले. चकमकीत जर्मन कप्तान मारला गेला. खलाशांनी आपली जहाजे शत्रूच्या हाती लागू नयेत म्हणून स्वतःच पेटवून बुडवली. हल्लेखोर सुखरूप परतले आणि हे प्रकरण सत्तरच्या दशकाच्या अखेरपर्यंत झाकलेले राहिले.

मूळ प्रश्नातल्या 'पुढे काय झाले' याविषयी थोडक्यात : ऑक्झिलिअरी फोर्स १९४७ मध्ये बरखास्त झाला. टेरिटोरियलची कल्पना मात्र टिकली. तिच्या जागी आलेल्या प्रादेशिक सेनेचे उद्घाटन ९ ऑक्टोबर १९४९ रोजी तत्कालीन गव्हर्नर जनरल राजगोपालाचारी यांनी केले, आणि विद्यापीठांतल्या ट्रेनिंग कोअरच्या परंपरेतून १९४८ मध्ये एनसीसी उभी राहिली.