मदत हवी आहे: हुकूमनाम्यानंतर बँकेने तारण गाडी विकली, जामीनदाराला वजावट कशी मिळेल?

वाहनकर्जाच्या दाव्यात कर्जदार आणि जामीनदार दोघांवर संयुक्त व वैयक्तिक जबाबदारीचा (म्हणजे पूर्ण रक्कम दोघांपैकी कोणाकडूनही वसूल करता येईल असा) हुकूमनामा, म्हणजे कोर्टाचा निकाल, झालाय, अपिलाची मुदतही गेली. आता दरखास्तीत (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या अर्जात) जामीनदाराच्या पगारावर जप्ती आहे. 'आधी कर्जदाराकडून वसूल करा' हे सांगून झालं. करार कायद्याचं कलम १२८ (जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच) असताना ते टिकणार नव्हतंच. पहिले १,००० रुपये आणि उरलेल्या पगाराचे दोन तृतीयांश सोडलेत, त्यामुळे तिथे तक्रार नाही.

अडचण वेगळी आहे. हुकूमनाम्यानंतर बँकेने गाडी उचलली आणि जामीनदाराला नोटीस न देता विकली. दरखास्तीच्या हिशेबात ती रक्कम वजाच नाही. लेखी मागूनही खातेउतारा मिळत नाही. हातात फक्त ताबा घेतल्याची पावती आणि आरटीओतली नावबदलाची नोंद.

दरखास्त कोर्ट हुकूमनाम्याच्या मागे जात नाही, म्हणजे तो बरोबर की चूक हे तपासत नाही, हे मान्य. पण विक्री त्यानंतरची आहे. मग अर्ज दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ४७ (अंमलबजावणीतले वाद दरखास्त कोर्टानेच ठरवणे) खाली द्यावा की आदेश २१ नियम २ खाली (कोर्टाबाहेर झालेल्या वसुलीची नोंद; तिथे ३० दिवसांची मुदत आडवी येते)? आणि गाडी मातीमोल भावाने गेली असेल, तर करार कायद्याच्या कलम १४१ (जामीनदाराच्या संमतीविना धनकोने तारण घालवलं तर तेवढी सूट) प्रमाणे खऱ्या किमतीएवढी सूट दरखास्तीतच मागता येते, की स्वतंत्र दावा लागतो?